ज्येष्ठेच्या गालावरची खळी

आमच्या थोरल्या महालक्ष्मीच्या डाव्या गालावर खळी आहे. भाद्रपदात हळदीकुंकवाला येणाऱ्या बायका वाकून बघतात आणि म्हणतात, "अगं बाई, किती गोड! जुन्या कारागिरांचा हातच वेगळा." मी हसते, त्यांच्या हातावर प्रसाद ठेवते आणि त्या दाराबाहेर पडल्या की स्वयंपाकघरात जाऊन काहीतरी आपटते. एका वर्षी वरवंटा आपटला तेव्हा ओट्याची फरशी तडकली. ती अजून तशीच आहे, कारण आईने बदलू दिली नाही.

माझा राग हा आमच्या घरातला चौथा माणूस. आई, धाकटा भाऊ, मी आणि तो. माझं लग्न त्याच्यामुळे टिकलं नाही, असं सासरचे म्हणतात. मला विचाराल तर ते सासरच्यांमुळे टिकलं नाही. आता मी जबलपुरात, गढ्यातल्या आमच्या घरी राहते, एका खाजगी शाळेत गणित शिकवते आणि मुलं मला घाबरतात. भाऊ अगदी उलट. खमरियाच्या कारखान्यात नोकरी करतो, रांगेत कुणी पुढे घुसलं तर दोन पावलं मागे सरून त्याला जागा करून देतो, आणि कुणी त्याच्या पायावर पाय दिला तर 'सॉरी भैया' हाच म्हणतो. त्याच्या वाटचं भांडण मी लहानपणापासून भांडत आले.

तर ती खळी खळी नाही. पोचा आहे. पितळ कशावर तरी जोरात आदळल्याशिवाय त्याला पोचा पडत नाही. आमची ज्येष्ठा कशावर आदळली, ते सांगते.

आम्ही मूळचे विदर्भाकडचे. आजोबा इकडे आले आणि इकडचेच झाले. त्यांचे दोन मुलगे, थोरले काका सिहोऱ्याला धान्याच्या व्यापारात आणि धाकटे, म्हणजे माझे वडील, इथे जबलपुरात. दोघांत घर वाटलं गेलं, भांडी वाटली गेली, पण महालक्ष्म्यांच्या मुखवट्यांची जोडी एकच. ज्येष्ठा एकीकडे आणि कनिष्ठा दुसरीकडे, असं काही करता येत नाही. म्हणून पाळी लागली. एक वर्ष सिहोरा, एक वर्ष गढा. ज्या घराची पाळी, त्या घरच्याने जाऊन मुखवटे आणायचे.

आणायची रीत मात्र ठरलेली. मुखवटे आजीच्या जुन्या लुगड्यात बांधायचे, वाटेत कुणालाही उघडून दाखवायचे नाहीत. आणि जो उचलेल त्याने एका घराचा उंबरा ओलांडल्यापासून दुसऱ्या घराचा उंबरा येईपर्यंत बोलायचं नाही. चुकून तोंड उघडू नये म्हणून तोंडात अख्खी सुपारी धरायची. आई म्हणते, वाटेत उचलणाऱ्याचा आवाज परक्याशी बोलताना ऐकला की लक्ष्मी तिकडेच वळते. दारात पोचलं की घरची बाई आतून विचारते, "कोण आलं?" मग सुपारी काढायची आणि म्हणायचं, "महालक्ष्म्या आल्या. सोन्याच्या पावलांनी आल्या." दुसऱ्या कुणाकडे हे असं असतं की नाही, मला ठाऊक नाही. आमच्याकडे असतं.

आता सुपारी तोंडात धरलेल्या माणसाला बसचं तिकीट कसं काढता येणार? म्हणून दोघं जात. एक न बोलणारा, एक बोलणारा. वडील न बोलणारे आणि मी, लहान होते तेव्हापासून, बोलणारी. ते काम मला फार आवडायचं. कंडक्टरने पिशवी वर ठेवा म्हटलं की मी अशी काही भांडत असे की पुढचे चार लोक उठून आम्हाला जागा देत. वडील गेल्यावर भाऊ न बोलणारा झाला आणि काकांचा मुलगा बोलणारा. हे घडलं त्या वर्षी काकांच्या मुलाला ताप आला, आणि माझ्या शाळेत परीक्षा होत्या.

"मोटरसायकलवर कोण बोलायला येऊन राहिलं, दीदी?" भाऊ म्हणाला. "रोड एकदम मस्त झाला आहे. चलो, मी एकटाच आणतो."

आईही हो म्हणाली. मीही हो म्हणाले. आमच्यापैकी कुणाच्याच मनात आलं नाही की सिहोऱ्याकडच्या एका देवळातून नुकत्याच मूर्ती चोरीला गेल्यात आणि त्या रस्त्यावर गाड्या अडवून पिशव्या तपासल्या जातायत.

त्याला अडवलं तेव्हा पिशवी त्याच्या छातीशी बांधलेली होती, आया तान्ह्या मुलाला बांधतात तशी. पोलिसाने विचारलं, "क्या है इसमें?" माझा भाऊ गप्प. त्याने हात जोडले. मग खुणा केल्या, तोंडाकडे बोट, आकाशाकडे बोट. पिशवी उघडली तर आत जुनं लुगडं आणि लुगड्यात पितळेचे दोन देवीचे चेहरे. पुन्हा विचारलं, कुठून आणले. पुन्हा हात जोडले. "गूँगा बनता है?" असं म्हणून एकाने त्याच्या कानशिलात लगावली, तर तोंडातून सुपारीचा आवाज आला, दातावर वाजल्याचा. तोंडात काहीतरी लपवलंय म्हणून दोघांनी त्याचा जबडा धरला आणि बोटं घालून सुपारी बाहेर काढली. त्यात एक दात अर्धा तुटला. तरी तो बोलला नाही. सुपारी गेली होती, उंबरा कुठे आला होता?

हे सगळं मला नंतर कळलं, तुकड्यातुकड्यात. त्या दुपारी फक्त एक फोन आला, तोही वर्गात असताना. "आपका भाई थाने में बैठा है. माल के साथ पकड़ा है."

माल! माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. परीक्षा सोडून मी घरी आले. आईला फक्त एवढंच सांगितलं की गाडीचे कागद राहिलेत म्हणून पोलिसांनी थांबवलंय. तिने लगेच डबा भरला, कारण आईच्या हिशोबात पोलीस असोत की पूर असो, माणूस आधी उपाशी असतो. वरण-भात, वर लोणच्याची फोड. तो डबा स्कूटीला अडकवून मी निघाले. त्या ठाण्याचं नाव मी लिहीत नाही. त्याने काही बदलणार नाही.

ठाण्यात बाकं होती, पण भाऊ जमिनीवर होता. भिंतीला पाठ लावून, पाय पुढे पसरून. चप्पल नव्हती. तळवे सुजून जांभळे पडले होते. डाव्या कानातून रक्ताची बारीक धार मानेवर येऊन सुकली होती, आणि खालचा ओठ इतका सुजला होता की क्षणभर मला तो ओळखूच आला नाही. मी त्याच्यापुढे बसले, विचारलं, "काय केलं रे तुला?" त्याने माझ्याकडे पाहिलं आणि मान डावीकडे वळवली. मला वाटलं लाजला. खरं तर त्याने चांगला कान माझ्याकडे केला होता. हे मला तेव्हा समजलं नाही.

टेबलामागे हवालदार बसला होता. त्याला तिथे सगळे 'हेड साहब' म्हणत. पन्नाशीचा, पोट सुटलेला, कपाळावर टिळा. कुठल्याही देवळाच्या रांगेत आपल्या पुढे उभा असतो तसा माणूस. त्याच्या टेबलावर पेपरच्या कागदावर आमच्या दोघी आडव्या ठेवल्या होत्या. आजीचं लुगडं खाली पडलं होतं आणि त्यावर बुटांचे ठसे होते. माझ्या जन्मापासून मी त्या दोघींना कधी आडवं पाहिलं नव्हतं.

"मॅडम, बड़ा पक्का चोर है आपका भाई," तो म्हणाला. "घंटा भर मुँह नहीं खोला."

पुढे मी जे केलं ते करायचं असं मी ठरवलं नव्हतं. हातातला डबा मी त्याच्या तोंडावर भिरकावला. झाकण उडालं. वरण त्याच्या टिळ्यावरून, मिशीवरून, वर्दीच्या बटणांवरून ओघळलं, आणि लोणच्याची फोड त्याच्या खांद्यावरच्या पट्टीला चिकटून बसली. मला तर वाटलं, आता मला मारणार. मी तयार होते. मारलं असतं तर मीही चावले असते.

पण तो शहाणा होता. बाईवर हात टाकायचा नसतो, हे त्याला ठाऊक होतं. तो शांतपणे उठला, रुमालाने तोंड पुसलं, टेबलाला वळसा घालून आला आणि माझ्या भावाच्या पोटात लाथ घातली. मग केस धरून त्याला उभं केलं आणि एक थोबाडीत दिली. मग दुसरी. प्रत्येक वेळी त्याने माझ्याकडे पाहिलं. "और फेंको," म्हणाला. "और कुछ लाई हो घर से?"

मी किंचाळले नाही. भाऊच म्हणाला, तुटक्या दातातून, "दीदी, बस कर."

तेवढ्यात सिहोऱ्याहून काका पोचले, आणि जिथे चोरी झाली त्या देवळाचे पुजारीही ओळख पटवायला आले. पुजाऱ्यांनी टेबलाकडे पाहिलं आणि कपाळावर हात मारला. त्यांच्या मूर्ती दगडाच्या होत्या. "ये तो किसी के घर की देवी हैं," ते म्हणाले, आणि वाकून त्यांनी आडव्या पडलेल्या दोघींना नमस्कार केला. चोर सोडून संन्याशाला फाशी म्हणतात, ते काही अलंकारिक बोलणं नाही. मी तो संन्यासी पाहिलाय. त्याचे तळवे जांभळे होते.

संध्याकाळी भावाला सोडलं. मुखवटे सोडले नाहीत. जप्ती लिहून झाली होती, आणि एकदा लिहिलेला माल मालखान्यात जातो. मालखान्यातून तो फक्त कोर्टाच्या हुकमाने बाहेर येतो. "सुपुर्दगी पर छुड़वा लेना," हेड साहब म्हणाला, म्हणजे कोर्टात हमी लिहून देऊन ताबा घ्या. तेव्हापर्यंत त्याने शर्ट बदलला होता.

महालक्ष्म्यांचं आवाहन तोंडावर आलं होतं. घरी आईने त्याचे पाय पाहिले, ओठ पाहिला. आता गाडीच्या कागदांची थाप चालणार नव्हती. मी खरं सांगितलं, पण सगळं नाही. आईने ऐकून घेतलं, गरम पाण्याचं घमेलं आणलं आणि त्याचे पाय त्यात सोडले. मग म्हणाली, "मी या घरात आल्यापासून पाळीचं एकही वर्ष रिकामं नाही गेलं. तुझे बाबा गेले त्या वर्षीही नाही. या वर्षी त्या नाही आल्या, तर हा जन्मभर म्हणेल का माझ्यापायी नाही आल्या. मले त्या घरी पाहिजेत. बाकी तुमी काय करून राहिले ते तुमी पाहा."

मला मात्र दुसरंच हवं होतं. मला तो हवालदार हवा होता. त्याची वर्दी उतरलेली हवी होती, तो माझ्या भावासारखा जमिनीवर बसलेला हवा होता. मी वरच्या साहेबांकडे करायच्या तक्रारीचा मजकूर मनात तयार करत होते आणि हाताने आंबिलीसाठी ज्वारी भरडत होते. इतकी बारीक भरडली की तिचं पीठ झालं. डॉक्टरांनी भावाचा कान तपासला आणि पडदा फाटल्याचं सांगितलं. कशाने, असं विचारलं तेव्हा भाऊ म्हणाला, मारलं. कशाने मारलं, हे त्याने त्यांनाही सांगितलं नाही.

मला सांगितलं. दुसऱ्या दिवशी, अंगणात, आई देवळात गेली असताना.

"पट्ट्याने मारून राहिले होते तोवर मी सहन केलं, दीदी. मनात म्हटलं, घर येईपर्यंत सहन करायचं. मग त्या हेड साहबने ज्येष्ठेला उचललं. गळ्याकडून धरलं, लोट्यासारखं. आणि हिच्यानेच मारलं मला, इथे." त्याने कानावर हात ठेवला. "काही ऐकूच येईना. नुसती घंटी वाजून राहिली होती. त्याने पुन्हा हात उचलला, तेव्हा मी बोललो."

"काय बोललास?"

"म्हटलं, नका मारू, तिला लागेल."

त्याने कानावरचा हात काढला.

"मराठीतच निघालं तोंडातून. त्याला काय कळणार? पण बोललो, म्हणून थांबला. त्याला तेच पाहिजे होतं, मी बोलावं." मग म्हणाला, "आईला सांगू नको, मी वाटेत बोललो ते."

म्हणजे त्याला वाटेत बोलल्याचीच काळजी होती. कान गेला, दात गेला, आणि हा माणूस रीत मोडली म्हणून तोंड लपवत होता! मी उठून आत गेले आणि पाण्याचा हंडा लाथ मारून पाडला. अंगठ्याचं नख निघालं. बरं वाटलं नाही, पण काहीतरी दुखलं तरी.

वकील गढ्यातलेच, म्हातारे, वडिलांच्या ओळखीचे. शहाण्याने कोर्टाची पायरी चढू नये, हे त्यांनीच आम्हाला आधी ऐकवलं आणि मग अर्ज केला. सुनावणी आवाहनाच्या दिवशीच सकाळी लागली. कोर्टाच्या आवारात चहा पिताना त्यांनी पोलिसांच्या जप्तीची नक्कल आमच्यापुढे धरली. त्यात मालाचं वर्णन होतं. पितळेचे दोन मुखवटे, पैकी एकाच्या डाव्या गालावर पिचकल्याची पुरानी निशाणी.

"पुरानी?" मी ओरडले. आजूबाजूचे अशील वळून बघायला लागले. "ज्या हाताने पाडली त्याच हाताने पुरानी लिहिली?" मी फोन काढला. मागच्या पाळीच्या वेळचे फोटो त्यात होते. ज्येष्ठेचा डावा गाल मोठा करून मी वकिलांच्या डोळ्यापुढे धरला. गुळगुळीत, झगझगीत. एक ओरखडा नाही.

वकिलांनी फोटो पाहिला. चष्मा काढून पुन्हा पाहिला. मग हळूच म्हणाले, "बेटी, ये फोटो दिखाओगी तो केस बन जाएगा. पक्का बनेगा. लेकिन फिर ये देवी नहीं रहेगी, हथियार हो जाएगी. जिससे मारा, वो चीज़. सबूत. और सबूत मालखाने में रहता है, जब तक मुक़दमा चले."

"किती दिवस?"

ते हसले. वाईट नव्हतं ते हसणं. "मैंने सालों वाले देखे हैं. निशानी पुरानी है, इतना बोल दो, शाम तक देवी घर पे."

म्हणजे दोनच वाटा होत्या. खरं बोललं तर हवालदार अडकेल आणि महालक्ष्म्या त्याच्याच ठाण्यात कोंडून राहतील. खोटं बोललं तर त्या घरी येतील, आणि माझ्या भावाला कुणी मारलंच नव्हतं असं होईल. मी म्हटलं, मी बोलणार. पुढचं पुढे. आईला मी समजावीन.

भावाने खिशात हात घातला आणि एक सुपारी काढून माझ्या हातावर ठेवली.

"ही तू धर तोंडात," तो म्हणाला. "या वेळी मी बोलतो."

"अरे, पण तो सुटेल!"

"सुटू दे."

"काहून सुटू दे? तुला बहिरं करून ठेवलं त्याने!"

"तू त्याच्यावर डबा फेकला, तेव्हा मार कोणी खाल्ला, दीदी?" तो रागाने बोलला नाही. त्याला राग येतच नाही. "आज तू पुन्हा काही फेकशील. माझ्यात आता ताकद नाही. मला ह्यांना घेऊन घरी जायचं आहे."

मी सुपारी तोंडात घातली.

मॅजिस्ट्रेट बाई होत्या, माझ्याहून तरुण. हेड साहब मालखान्याची पेटी घेऊन एका बाजूला उभा होता, टिळा ताजा. पेटी उघडली. भावाने दोघींना ओळखलं. काकांनी वर्षानुवर्षांची पाळी सांगितली. ओळखीसाठी फोटो लावला होता तो वकिलांनी निवडलेला, ज्यात वेणीच्या फुलांनी ज्येष्ठेचा डावा गाल झाकून गेला होता.

मॅडमनी मुखवटा हातात घेतला, फिरवला, अंगठा पोच्यावर ठेवला. "ये निशान पहले से है?"

"जी, साहब," माझा भाऊ म्हणाला. "पुराना है."

त्यांनी मान वर केली. त्याच्या कानावरची पट्टी पाहिली, ओठ पाहिला. "कान को क्या हुआ?"

मी दात आवळले. हेड साहब वर पंख्याकडे बघत होता.

"गाड़ी से गिर गया था."

मॅडम बराच वेळ त्याच्याकडे बघत राहिल्या. त्यांना कळलं असावं, असं मला आजही वाटतं. त्या माझ्याकडे वळल्या. "आप बहन हैं? आपको कुछ कहना है?"

माझ्या मुठीत फोन होता. फोनमध्ये तो गाल होता. माझ्या आयुष्यात मला कुणी इतक्या सभ्यपणे कधी विचारलं नव्हतं की तुला काही म्हणायचं आहे का. शेजारी भाऊ माझ्याकडे बघत नव्हता, पण त्याने चांगला कान माझ्या बाजूला केला होता. मी इतक्या जोराने चावले की सुपारी फुटली. तिची धार जिभेत घुसली आणि तोंड रक्ताने भरलं. मी ते गिळलं आणि मान हलवली. नाही.

हुकूम झाला. माल विकायचा नाही, कुणाला द्यायचा नाही, कोर्ट बोलवेल तेव्हा हजर करायचा आणि त्याचं रूप बदलायचं नाही. या शेवटच्या अटीमुळे तो पोचा आजही ठोकून काढता येत नाही. हवालदाराच्या हाताची खूण आता सरकारी संरक्षणात आहे.

मुखवटे मी उचलले. आईने घरून दिलेल्या नव्या खणात बांधले आणि रिक्षात मांडीवर घेऊन बसले. तोंडात सुपारीचे तुकडे आणि रक्त. मी बोलणार नव्हते. बोलणारा तो होता. आणि जन्मात कधी चार वाक्यं सलग न बोलणारा माझा भाऊ वाटभर बोलत होता. रिक्षावाल्याने काही विचारलं नव्हतं, तरी त्याला सांगत होता, "हमारी ही हैं भैया, घर की हैं." चौकात वाहतुकीचा पोलीस दिसला तेव्हा त्याने खिशातून सुपुर्दनामा, कोर्टाचा ताब्याचा कागद, काढून बाहेर धरला. त्या पोलिसाने आमच्याकडे पाहिलंसुद्धा नाही. पुढच्या चौकात पुन्हा काढला. गढ्याच्या बाजारात फुलवाली म्हणाली, "क्या लाए भैया?" तर तिलाही दाखवला. घामाने कागदाची घडी ओली झाली होती. मी त्याचा हात धरून खाली ओढला, तरी तो पुन्हा वर गेला.

सूर्य बुडायच्या आत दारात पोचलो. आईने रांगोळीची पावलं उंबऱ्यापासून आतपर्यंत काढून ठेवली होती. ती आत तांब्या घेऊन उभी होती, आणि तिने दर पाळीला विचारते तसं विचारलं, "कोण आलं?"

उचलणारी मी होते, उत्तर मी द्यायचं होतं. मी सुपारीचे तुकडे हातावर काढायला लागले. पण भाऊ माझ्यापुढे आला. त्याने छाती जरा आत घेतली, मान खाली घातली आणि दोन्ही हातांनी तो कागद आईपुढे धरला.

"आपल्याच आहेत, आई," तो म्हणाला. "चोरीच्या नाहीत. कागद आहे."

आईने कागदाकडे पाहिलं नाही. तिने त्याच्या कानाकडे पाहिलं, माझ्या तोंडाकडे पाहिलं. पाणी आधी उचलणाऱ्याच्या पायांवर घालतात. तिने ते भावाच्या पायांवर घातलं, सगळा तांब्या संपेपर्यंत, आणि मगच आम्हाला आत घेतलं.